ऑडिशनच्या आधी आणि नंतर: मराठी चित्रपटाच्या कास्टिंगचा क्रम

कास्टिंगमध्ये, म्हणजे चित्रपटातल्या भूमिकांसाठी कलाकार निवडण्याच्या कामात, येऊ पाहणारी बहुतेक मुले-मुली पहिल्या भेटीत फोनमधले फोटो उघडून दाखवतात आणि आपल्याकडे किती चेहरे आहेत ते सांगतात. चेहरे जमवणे अवघड नाही. कास्टिंगची ऑफिसे असलेल्या, मुंबईतल्या वर्सोव्याच्या आरामनगरात एक दिवस उभे राहिले तरी पिशवीभर प्रोफाइल हाती लागतात. काम अडते ते क्रमावर. संहिता पुरती न वाचता ऑडिशन लावली जाते, तारखा न विचारता कलाकार दिग्दर्शकाला दाखवला जातो, मानधन ठरण्याआधीच त्याला 'लॉक', म्हणजे निवड पक्की, म्हणून कळवले जाते आणि शूटिंग आठ दिवसांवर आले की हे सगळे एकदम अंगावर येते. पुढचा क्रम साधारण तीस-पस्तीस बोलत्या भूमिका असलेल्या मराठी चित्रपटाचा आहे. हिंदी वेब मालिकेत माणसे आणि कागद वाढतात, पण क्रम फारसा बदलत नाही.

पूर्वतयारी: काम मिळण्याआधीची वही

पहिला चित्रपट मिळण्याआधी दोन-तीन वर्षे वही भरलेली असावी लागते, आणि ती नाट्यगृहात भरते, इन्स्टाग्रामवर नाही. पुण्यात भरत नाट्य मंदिरात होणाऱ्या पुरुषोत्तम करंडक या महाविद्यालयीन एकांकिका स्पर्धेच्या फेऱ्या, हौशी राज्य नाट्य स्पर्धेची जिल्ह्याजिल्ह्यांतली केंद्रे, पुणे विद्यापीठाच्या ललित कला केंद्रातल्या विद्यार्थ्यांचे प्रयोग आणि दिवाळीनंतर वडसा-देसाईगंजच्या परिसरात रात्रभर चालणारी पूर्व विदर्भातली झाडीपट्टीची नाटके या ठिकाणी दिसणारे नट मुंबईतल्या कोणत्याही यादीत सापडत नाहीत. याच काळात एखाद्या कास्टिंग डिरेक्टरकडे सहायक म्हणून राहावे आणि जोडीला फिल्म स्कूलच्या विद्यार्थ्यांचे लघुपट करावेत. पैसे जवळजवळ मिळत नाहीत, पण सगळ्या पायऱ्या स्वतःच्या हाताने कराव्या लागतात.

वहीत काय लिहायचे, इथेच पहिली चूक होते. 'छान अभिनय' या नोंदीचा तीन वर्षांनी काही उपयोग नसतो. माझ्या वहीतली एक जुनी नोंद जशीच्या तशी देते: "उंच. खांदे पाडून चालतो. समोरचा बोलत असताना खरोखर ऐकतो. दुसऱ्या प्रवेशात टाळी आली तेव्हा थांबला, वाक्य पुन्हा उचलले, लय सुटली नाही. आवाज वरच्या पट्टीत चिरकतो. बँकेत नोकरी, सलग रजा मिळेल का?" या नोंदीतले शेवटचे वाक्य सर्वांत उपयोगी ठरले, कारण हौशी रंगभूमीवरचे निम्म्याहून अधिक चांगले नट कुठेतरी नोकरीला असतात.

वहीवरून पुढे तक्ता करावा. पडद्यावर शोभणारे वय, उंची, घरात बोलली जाणारी बोली, येणारी कामे आणि शेवटच्या फोटोची तारीख एवढे रकाने पुरतात.

इशारा: 'बुलेट चालवता येते', 'पोहता येते' ही वाक्ये पुराव्याशिवाय तक्त्यात घेऊ नयेत. अर्ध्या मिनिटाचा व्हिडिओ मागवावा. हा तक्ता कोणत्याही व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर टाकू नये; लोकांनी आपले नंबर विश्वासाने दिलेले असतात.

पायरी १: स्वतःचा करार

नवखे लोक ही पायरी संकोचापोटी मागे ढकलतात आणि चित्रपट पूर्ण झाल्यावर निर्मात्याच्या ऑफिसचे जिने चढत बसतात. संहिता हाती आल्यावर, परंतु पहिला फोन करण्याआधी पत्र झालेले असावे. किती भूमिका, कोणत्या तारखेपर्यंत, ऑडिशनच्या जागेचे भाडे आणि सहायकांचा खर्च कोणाकडे, श्रेयनामावलीत नाव कोणत्या शब्दांत येणार आणि चित्रपट मध्येच थांबला तर काय, हे सर्व त्यात हवे. मानधनाचे टप्पे मी नेहमी असे मागते: सहीच्या वेळी एक, मुख्य भूमिका ठरल्यावर दुसरा आणि शूटिंगच्या पहिल्या दिवसाआधी शेवटचा. प्रदर्शनानंतरचा टप्पा स्वीकारू नये, कारण प्रदर्शन आपल्या हातात नसते. वर्षभराची उलाढाल वीस लाखांवर गेली की जीएसटी नोंदणी लागते, हेही आकडा ठरवतानाच ध्यानात घ्यावे.

इशारा: कास्टिंग डिरेक्टरचे पैसे निर्माता देतो. कलाकाराकडून नोंदणी फी, वर्कशॉपची सक्ती किंवा मानधनात वाटा घेतला की तुम्ही कास्टिंग डिरेक्टर राहिला नाहीत. कलाकाराला कामे मिळवून देणारे को-ऑर्डिनेटर आणि मॅनेजर त्याच्याकडून कमिशन घेतात. तो वेगळा व्यवसाय आहे आणि एकाच चित्रपटात दोन्ही टोप्या घालता येत नाहीत.

पायरी २: संहिता तीनदा वाचणे

पहिले वाचन पेन न घेता, एका बैठकीत करावे. दुसऱ्या वाचनात प्रत्येक पात्राची यादी करावी: कोणकोणत्या सीनमध्ये आहे, दिवस की रात्र, किती ओळी, समोर कोण. तिसरे वाचन संहितेत न लिहिलेल्या मागण्यांसाठी असते, आणि सहायक नेमके तेच टाळतात.

समजा, संहितेत एस.टी.चा कंडक्टर आहे, तीन सीन, अकरा ओळी. यादीत तो 'वय ४५, कंडक्टर' एवढाच उरतो. तिसऱ्या वाचनात दिसते की तिन्ही सीन चालत्या गाडीत आहेत, त्याला घाटात दांडा न धरता उभे राहून मशिनमधून तिकीट काढायचे आहे, सुटे पैसे मोजायचे आहेत आणि हे करताना नायिकेच्या आईला टोमणा मारायचा आहे. म्हणजे वय आणि चेहरा दुय्यम झाले. हातांना काम लागलेले असताना ज्याची जीभ सैल सुटते, असा माणूस हवा. ऑडिशनही त्यानुसारच लावावी लागते. त्याच्या हातात सुट्या नाण्यांची पिशवी द्यावी लागते.

याच वाचनात न दिसणारी पात्रेही सापडतात: फोनवरचा आवाज, बातम्या वाचणारी निवेदिका आणि भिंतीवरच्या हार घातलेल्या फोटोतले वडील. या फोटोची आठवण नेहमी सेटवर, कला विभाग खिळा ठोकत असताना होते आणि मग कोणाच्या तरी काकांचा फोटो परवानगीशिवाय लावला जातो. नायकाशी साम्य असलेला माणूस, त्याची लेखी संमती आणि जुन्या काळच्या कपड्यांत काढलेला फोटो हेही कास्टिंगचेच काम आहे.

तपासा: प्रत्येक पात्राच्या सीनची संख्या सहायक दिग्दर्शकाच्या यादीशी जुळते का? एखाद्या पात्राला दोन सीनमध्ये दोन नावे तर नाहीत ना?

पायरी ३: दिग्दर्शक आणि निर्मात्याबरोबरची बैठक

'तुमच्या डोळ्यांसमोर कोण आहे?' हा प्रश्न पहिल्यांदा विचारू नये. उत्तरात एखादा प्रसिद्ध नट येतो, तो मिळणार नसतो आणि पुढचा महिना त्याची स्वस्त प्रतिकृती शोधण्यात जातो. त्याऐवजी पात्राने केलेल्या गोष्टींविषयी विचारावे: हा माणूस तिथे गप्प का बसतो, ही बाई घर सोडून जाऊ शकत असतानाही का जात नाही. कोणत्या भूमिकेचे वय किंवा लिंग बदलले तरी चालेल आणि बोली अचूक हवी की नुसता वास हवा, हेही तिथेच ठरवून घ्यावे.

दुसरा, अवघड प्रश्न निर्मात्याला सर्वांसमोर विचारावा: कोणती भूमिका आधीच कोणाला कबूल केली आहे का? बऱ्याचदा असतेच. भाच्याला, प्रायोजकाच्या मुलीला, मागच्या चित्रपटात अन्याय झालेल्या मित्राला. ते पहिल्याच दिवशी कळले तर त्या माणसाला झेपेल अशी जागा शोधता येते. शेवटच्या आठवड्यात कळले तर निवड झालेल्या नटाला नकार कळवण्याची पाळी येते.

यानंतर निवडीचा क्रम ठरतो. आधी जे चेहरे बदलणार नाहीत ते, त्यांच्याभोवती कुटुंब आणि शेवटी एका सीनची माणसे. मुलगी ठरण्याआधी आईची निवड करू नये.

पायरी ४: जाहिरात आणि ऑडिशनची पाने

'गोरी, स्मार्ट मुलगी हवी, वय १८ ते ३०' अशा जाहिरातीला हजार फोटो येतात आणि त्यातले एकही कामाचे नसते. रंगाचा उल्लेख तर करूच नये. नीट जाहिरात अशी दिसते:

"मराठी चित्रपट. भूमिका: सुमन, पडद्यावर शोभणारे वय ३८ ते ४५, पोल्ट्रीवर काम करणारी, बोलायला तुटक. नऊ सीन. घरात वऱ्हाडी बोलली जात असावी. शूटिंग: अमरावती जिल्हा, जानेवारीत सलग चौदा दिवस. सध्याचे दोन फोटो, मेकअप व फिल्टरशिवाय, आणि आपल्या बोलीत एक मिनिट बोललेला व्हिडिओ पाठवावा. निवडीसाठी कोणतेही शुल्क नाही."

ऑडिशनसाठी रडण्याचा मोठा सीन कधीही देऊ नये. रडणे सरावाने येते. पात्र खोटे बोलते किंवा बोलता बोलता निर्णय बदलते असे दीड पान निवडावे, कथेतले रहस्य त्यातून काढून टाकावे आणि ते आदल्या दिवशी पाठवावे. दारात आल्यावर हातात कागद दिला की आपण अभिनयाची नाही, पाठांतराची परीक्षा घेतो.

पायरी ५: ऑडिशन

एका माणसाला वीस मिनिटे धरून दिवसाला अठरा-वीस जणांच्याच वेळा द्याव्यात. सर्वांना सकाळी अकराला बोलावून चार वाजेपर्यंत बाकावर बसवण्याची पद्धत स्वस्त वाटते. प्रत्यक्षात शेवटच्या दहा जणांचा थकवाच आपण रेकॉर्ड करतो.

कॅमेरा डोळ्यांच्या उंचीवर, आडवा, छातीपर्यंतच्या फ्रेममध्ये ठेवावा. मागे साधी भिंत असावी. पंखा बंद करावा, कारण चित्रापेक्षा आवाज बिघडला की दिग्दर्शक क्लिप लवकर बंद करतो. सुरुवातीला नाव, उंची, गाव, मोकळ्या तारखा आणि डाव्या-उजव्या बाजूचे प्रोफाइल घ्यावे. क्यू देणारा, म्हणजे समोरच्या पात्राच्या ओळी वाचणारा, लेन्सच्या अगदी शेजारी उभा राहावा, त्याने सपाट पण न चुकता वाचावे, आणि एका भूमिकेसाठी दिवसभर तोच माणूस असावा. नाहीतर आपण नटांची नाही, क्यू देणाऱ्यांची तुलना करतो.

पहिला टेक नटाच्या मनाप्रमाणे होऊ द्यावा. त्यानंतर एकच, करता येण्याजोगी सूचना द्यावी. 'अजून फील आण' ही सूचना नाही. 'तिला जायची घाई आहे, पण ते दिसू द्यायचे नाही' ही सूचना आहे. दुसरा टेक पहिल्यापेक्षा चांगला झाला की नाही यापेक्षा तो बदलला की नाही हे पाहावे.

बोलीच्या बाबतीत फसगत फार होते. वर दिलेल्या सुमनसारख्या भूमिकेला एक सराईत अभिनेत्री आली आणि प्रत्येक वाक्याला 'करून राहिली, जाऊन राहिली' जोडत गेली. आठव्या वाक्याला खोलीतला नागपूरचा सहायक हसू लागला. तिच्यानंतर आलेली बाई 'राहिली' एकदाच म्हणाली, पण 'डोळे' ऐवजी सहज 'डोये' आणि 'काळा' ऐवजी 'काया' म्हणून गेली आणि आपण काही वेगळे बोललो याचा तिला पत्ताही नव्हता. बोली तपासायची असेल तर पानावरची वाक्ये ऐकू नयेत; गावाहून इथवर कशी आलीस, गाडीला गर्दी होती का, असे काही विचारावे आणि कॅमेरा चालू ठेवावा.

घरून पाठवलेल्या सेल्फ टेस्टला हेच नियम लागू असतात, फक्त ते लिहून कळवावे लागतात. फाइलचे नाव भूमिका, कलाकाराचे नाव, शहर आणि तारीख या क्रमाने मागवावे. ही किरकोळ वाटणारी गोष्ट न केल्यास दोनशे 'व्हिडिओ १' नावाच्या फाइली उघडत बसावे लागते.

इशारा: ऑडिशन कोणाच्या घरी, हॉटेलच्या खोलीत किंवा रात्री उशिरा घेऊ नये. खोलीत किमान दोन माणसे असावीत, त्यातली एक स्त्री. जवळिकीचा सीन ऑडिशनमध्ये करून मागू नये. त्याविषयी आधी लेखी कळवून फक्त तयारी विचारावी. कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धचा २०१३ चा कायदा ऑडिशनच्या खोलीलाही लागू होतो, असे धरूनच वागावे.

लहान मुले असतील तर

इथे घाई करणारा सगळ्या चित्रपटाला अडचणीत आणतो. बालकामगारविषयक कायद्यातल्या २०१६ च्या दुरुस्तीनंतर, २०१७ मध्ये बदललेल्या नियमांनुसार चौदा वर्षांखालील मुलाला चित्रपटात घेण्यासाठी जिथे शूटिंग होणार त्या जिल्ह्याच्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी निर्मात्याला घ्यावी लागते. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त काम देता येत नाही, सलग सत्तावीस दिवसांपलीकडे नेता येत नाही, पाच मुलांमागे एक जबाबदार व्यक्ती नेमावी लागते आणि उत्पन्नाचा किमान वीस टक्के भाग मुलाच्या नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत ठेवावा लागतो. अर्ज निर्माता करतो, पण पालकांची संमती आणि शाळेचे कागद गोळा करणे आपल्याकडेच येते. मूल निवडल्यावर कागद हा क्रम उलटा आहे. शाळेत शोध घेण्याआधी मुख्याध्यापकांना भेटावे, परीक्षेच्या तारखा लिहून घ्याव्यात आणि पालकांना एक पूर्ण शूटिंगचा दिवस कसा जातो ते खरेखरे सांगावे. मुलाला नको असेल तर तिथेच थांबावे. नियमही तेच सांगतात.

पायरी ६: तारखा, आणि त्याही दिग्दर्शकाला दाखवण्याआधी

ज्या चुकीने मला दोन रात्री झोप लागली नाही ती या पायरीवरची. एका चित्रपटात नायकाच्या वडिलांच्या भूमिकेसाठी उत्तम नट सापडला, दिग्दर्शक त्याच्या प्रेमात पडला आणि मी तारखा 'साधारण मोकळ्या आहेत' एवढ्या उत्तरावर भागवल्या. लोकेशन सातारा जिल्ह्यात होते. त्याच्या नाटकाचे शनिवार-रविवारचे प्रयोग दादर, ठाणे आणि बोरिवलीला महिनाभर आधीच लागलेले होते, आणि आमच्या वेळापत्रकात घरातले सगळे सीन नेमके शनिवार-रविवारी होते, कारण ज्याचे घर वापरत होतो तो मालक फक्त तेव्हाच गावी असायचा. चूक नटाची नव्हती. त्याने विचारलेल्या प्रश्नाचे खरे उत्तर दिले होते. प्रश्नच ढिला होता.

तेव्हापासून मी तीन प्रश्न ठरवून विचारते. नाटक चालू आहे का, आणि प्रयोगांच्या तारखा निर्मात्याच्या ऑफिसातून मिळतील का? मालिका चालू आहे का, आणि महिन्यातले किती दिवस कबूल केले आहेत? दाढी, केस किंवा वजन दुसऱ्या कोणत्या कामासाठी राखून ठेवले आहे का? तिसरा प्रश्न सगळे विसरतात. मालिकेत मिशी ठेवलेल्या नटाला चित्रपटात गुळगुळीत दाढी करता येत नाही.

तपासा: उत्तरे फोनवर मिळाली तरी ती संदेशात लिहून परत पाठवली का? त्यावर 'हो' आले का?

पायरी ७: शॉर्टलिस्ट, एकत्र वाचन आणि लुक टेस्ट

एका भूमिकेसाठी तीनच नावे द्यावीत. आठ नावे देणाऱ्याने निवड केलेली नसते, फक्त काम पुढे ढकललेले असते. प्रत्येक नावापुढे एक ओळ असावी: काय मिळेल आणि काय सोडावे लागेल. दिग्दर्शक या क्लिप लोकेशन बघायला जाताना गाडीत फोनवर पाहणार आहे हे गृहीत धरून प्रत्येक क्लिप दोन मिनिटांत बसवावी आणि चांगला टेक आधी ठेवावा.

कुटुंबातली माणसे एकेकटी पाहून ठरवू नयेत. वडील, मुलगी आणि आत्या यांना एकाच खोलीत बसवून वाचन करून घ्यावे. चेहऱ्यांचे साम्य लागतेच असे नाही, पण एकमेकांच्या बोलण्यात शिरण्याची सवय एका घरातली वाटायला हवी. लुक टेस्टला, म्हणजे पात्राच्या कपड्यांत आणि रंगभूषेत नट कसा दिसतो ते पाहण्याला, वेशभूषा आणि रंगभूषेची माणसे हजर हवीत. प्रत्येक मोठ्या भूमिकेचा दुसऱ्या क्रमांकाचा नट पहिल्याची सही होईपर्यंत मोकळा करू नये, मात्र तो दुसऱ्या क्रमांकावर आहे हे त्याला स्पष्ट सांगावे.

पायरी ८: मानधन आणि लेखी पत्र

आकडा निर्माता ठरवतो. आपण तो पोहोचवतो आणि वास्तवाशी जुळवतो. भांडण आकड्यावरून क्वचित होते, आकड्यात काय धरले आहे यावरून होते. म्हणून पत्रात दिवसांची संख्या, शिफ्टचे तास, जादा दिवसाचा दर, डबिंगचे आणि प्रसिद्धीचे दिवस, प्रवास, राहण्याची सोय, टीडीएस कापून की कापण्याआधीची रक्कम आणि पैसे किती दिवसांत मिळणार हे वेगवेगळ्या ओळींत लिहावे. मालिकांमध्ये नव्वद दिवसांनी पैसे मिळण्याची सवय झालेला नट चित्रपटातही तेच गृहीत धरतो आणि हौशी नट दुसऱ्या दिवशी वाट पाहतो. दोघांनाही आधीच सांगितलेले बरे.

इशारा: सही होईपर्यंत 'लॉक' हा शब्द तोंडातून काढू नये. तो शब्द ऐकून लोक मालिका सोडतात, नोकरीत रजा टाकतात, गावभर पेढे वाटतात.

ज्यांची निवड झाली नाही त्यांना त्याच आठवड्यात कळवावे. आपल्या क्षेत्रात 'कळवतो' हा शब्द नकाराऐवजी वापरला जातो आणि लोक त्यावर महिनोन्‌महिने तारखा राखून बसतात. दोन ओळींचा संदेश पुरतो: या वेळी जमले नाही, आपली क्लिप अमुक भूमिकेसाठी नोंदवून ठेवली आहे. दुसरे वाक्य खरे असेल तरच लिहावे.

पायरी ९: शूटिंग सुरू झाल्यावर

सहायक दिग्दर्शकाकडे सर्व कलाकारांचे नंबर, मापे, खाण्याची पथ्ये आणि मोकळ्या तारखांचा एकच कागद सोपवला की बहुतेक जण काम संपले असे समजतात. पहिले चार-पाच दिवस मात्र फोन बंद ठेवू नये. एका सीनच्या भूमिकेतला कोणीतरी आजारी पडतोच, आणि तेव्हा सेटवर चहापाणी आणि सामान पाहणाऱ्या स्पॉट दादाला उभे करण्याचा मोह युनिटला होतो. त्या जागेसाठी तासाभरात पोहोचू शकेल असा स्थानिक माणूस यादीत हवा. म्हणून लोकेशन ठरताच त्या तालुक्यातल्या हौशी नाट्यमंडळाला एकदा भेटून यावे आणि पंधरा-वीस जणांचे छोटे ऑडिशन तिथेच घेऊन ठेवावे. नंतर रात्री वही उघडून, न निवडलेल्यांपैकी ज्यांचे नाव पुन्हा लागेल त्यांच्यापुढे तारीख टाकून ठेवावी.